वाजंत्र्यांचे ताट

आपल्याकडील सणांच्या वर्णनांवर माझा एक आक्षेप आहे. तोरण, नैवेद्य, आरती यांना त्यांत मानाची जागा असते, वाद्यांचा 'गजर'ही होतो. परंतु तो गजर करणारा माणूस कुठे उभा होता आणि कुठे जेवला, याविषयी लेखक मौन पाळतात.

वर्धा जिल्ह्यातला पोळाच घ्या. आंब्याच्या पानांच्या तोरणाखाली बैल उभे राहतात, झडत्यांची चढाओढ लागते. पण डफडे घुमल्याशिवाय त्या रांगेला पोळ्याची कळा येत नाही. दिवाळीत गोवारी ढाल घेऊन निघतात तेही डफडीच्या तालावरच. असे हे वाद्य विधीचे अंगच. तरी ते वाजविणारा अस्पृश्य मानलेल्या जातीचा असला, तर त्याची हद्द देवळाबाहेरच संपे. जमनालाल बजाजांनी वर्ध्याचे लक्ष्मीनारायण मंदिर १९२८ साली सर्वांना खुले केले. या गौरवाच्या वाक्यातच त्याआधीचे बंद दारही वाचले पाहिजे.

प्राचीन रोममध्येही वाद्यावाचून यज्ञ होत नसे. अशुभ शब्द कानी पडू नये म्हणून विधी चालू असता एकजण सनईच्या कुळातली जोडनळी वाजवीत राही. इतिहासकार लिव्ही सांगतो की, इसवी सनापूर्वी ३११ साली अधिकाऱ्यांनी या वादकांचा ज्युपिटरच्या मंदिरात जेवण्याचा जुना हक्क काढून घेतला. वादक रुसले आणि सगळेच्या सगळे शेजारच्या टायबर गावी निघून गेले. यज्ञ अडले. सिनेटने टायबरकरांना गळ घातली. त्यांनी सणाचे निमित्त करून वादकांना घरोघरी नेले, भरपूर मद्य पाजले आणि झोपेतच गाड्यांत घालून रोमला पोचविले! जागे झाल्यावर लोकांनी त्यांची मनधरणी केली. जेवणाचा हक्क परत मिळाला, शिवाय वर्षातून तीन दिवस नटूनथटून वाजतगाजत शहरभर हिंडण्याची मुभाही.

गोष्ट गमतीची खरी. पण तिच्यात रोमचे शहाणपण आहे. वादकाचे ताट हा विधीचाच भाग आहे, हे त्यांना उशिरा का होईना उमगले.

आपल्याकडे तसे घडले नाही. १९५६ च्या नागपूरच्या धर्मदीक्षेनंतर अनेक कुटुंबांनी गावकीची कामे टाकली, त्यांत वाजविणेही आले. तेव्हा 'कला बुडाली' म्हणून हळहळणारे पुष्कळ निघाले. 'या, पंक्तीला बसा' म्हणणारे किती होते? मानाच्या ताटावाचून मागितलेली कला ही वेठच होय, आणि वेठ सोडणाऱ्याला दोष देण्याचा अधिकार कोणत्याही रसिकाला नाही. आज मिरवणुकीत कर्ण्यांच्या भिंती गर्जतात. त्यांना ताट वाढावे लागत नाही, ही त्यांची सोय मला मोठी बोलकी वाटते.

म्हणून यंदा पाडव्याला दारी डफडी आली, तर नाण्याबरोबर फराळाचे ताटही पुढे करावे, आणि तेही घरात बसवून. सणावर लिहिणाऱ्यांनी त्या ताटाचीही नोंद ठेवावी.