अंगठा तिथे नव्हता

न्यायवैद्यक तज्ज्ञ नायक किंवा नायिका असलेल्या रहस्यकादंबऱ्या आज इंग्रजीत ढिगाने निघतात. वाचायला त्या रंगतात, पण मला त्यांच्यात एका गोष्टीची उणीव सतत जाणवते. पुराव्यावर शंका घेणारं कुणी त्यांत उरलेलं नाही.

या प्रकाराची सुरुवात तर शंकेनेच झाली होती. आर. ऑस्टिन फ्रीमन हा पेशाने डॉक्टर. ‘द रेड थम्ब मार्क’ ही त्याची कादंबरी १९०७ची. तिजोरीतले हिरे गेले आहेत, आत रक्ताळलेला अंगठ्याचा ठसा आहे आणि तो घरातल्याच तरुणाचा आहे. ठसेतज्ज्ञ छातीठोकपणे तसं सांगतात. स्कॉटलंड यार्डात ठसे विभाग सुरू होऊन तेव्हा जेमतेम सहा वर्षं झाली होती. लोक त्या विज्ञानाने दिपलेले होते. फ्रीमनचा नायक डॉ. थॉर्नडाइक मात्र तो ठसा भिंगाखाली धरतो. त्यात इंग्रजी ‘एस’सारखी बारीक पांढरी खूण दिसते, आणि घरातल्या ठशांच्या वहीत त्याच तरुणाच्या ठशावर हुबेहूब तशीच खूण असते. म्हणजे तिजोरीतला ठसा वहीतल्या ठशाची नक्कल होती. ठसा त्याचाच, पण अंगठा तिथे नव्हता! एवढ्या एका खुणेवर कादंबरी तोललेली आहे.

पुढच्या काळातली अमेरिकन लेखिका पॅट्रिशिया कॉर्नवेल हिने रिचमंडच्या शवचिकित्सा कार्यालयात नोकरी केली होती. म्हणून तिच्या ‘पोस्टमॉर्टेम’मधलं (१९९०) शवागार खरं वाटतं. त्यातल्या नायिकेला, डॉ. के स्कार्पेटाला, लेझरखाली मृतदेहावर चमकणारे कण दिसतात. पण तिच्याच कार्यालयातून माहिती फुटल्याचा संशयही तिला सोसावा लागतो. याच प्रकारच्या कादंबऱ्या लिहिणाऱ्या कॅथी राइक्स तर स्वतःच हाडांच्या अभ्यासक.

२०००मध्ये ‘सीएसआय’ ही गुन्हेतपासाची टीव्ही मालिका आली आणि प्रयोगशाळेचा शब्द हा देवाचा कौल झाला. प्रत्यक्षात काय घडत होतं? २००९मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय विज्ञान अकादमीने अनेक न्यायवैद्यक पद्धतींचा शास्त्रीय पायाच कच्चा असल्याचं सांगितलं. २०१५मध्ये एफबीआयने मान्य केलं की केसांच्या तुलनेवर दिलेल्या ज्या साक्षी तपासल्या, त्यांतल्या ९० टक्क्यांहून अधिक सदोष होत्या. कादंबरीकाराला याहून मोठं कथाबीज कोणतं हवं? बहुतेकांनी ते उचललं नाही, ही मला या प्रकाराची आजची सगळ्यात मोठी हार वाटते.

मराठीत बाबुराव अर्नाळकरांनी हजारावर रहस्यकथा लिहून वाचक घडवला, पण आपला नायक हेर, वकील किंवा इन्स्पेक्टरच राहिला. ‘व्हिसेरा राखून ठेवला आहे’ हे वाक्य आपण वर्तमानपत्रात नेहमी वाचतो. मृताच्या अवयवांचे नमुने ठेवलेल्या त्या बरणीचं पुढे काय होतं, ती कोण नेतं, तिचं सील कोण तपासतं, यात एक अख्खी कादंबरी आहे.

१ जुलै २०२४पासून लागू झालेल्या नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने सात वर्षं किंवा अधिक शिक्षेच्या गुन्ह्यांत न्यायवैद्यक तज्ज्ञाने घटनास्थळी जाणं बंधनकारक करायचं ठरवलं आहे. पंचनाम्यात आता हा नवा माणूस दिसेल. मराठी लेखकांनो, त्याच्या मागे मागे जा, आणि त्याच्याही अहवालावर शंका घ्या.