चार डोहांची बेरीज

'लायकर अ‍ॅडिक्वेट, ए.एफ.आय. १२.४ सेंमी.' गरोदरपणातल्या सोनोग्राफीच्या रिपोर्टमधली, बाळाभोवतीच्या पाण्याबद्दलची ही ओळ बहुतेक जण वाचून सोडून देतात. अमरावतीच्या डफरीनला जा की अकोल्याच्या लेडी हार्डिंगला, बाकड्यावर बसलेली मावशी एवढंच विचारते, 'पानी बराबर हाये ना बाई?' डॉक्टरांच्या 'लायकर'पेक्षा तिचा शब्द मला आवडतो. पण ती ओळ कशी जुळून येते, हे भाचीसोबत आत उभं राहून एकदा पाहिलं आणि तेव्हापासून मी ती चवीनं वाचतो.

मोजणी सुरू होते बेंबीपासून. बेंबीतून एक आडवी रेघ मनातल्या मनात ओढायची. उभी रेघ बहुतेकींच्या पोटावर निसर्गानंच काढून ठेवलेली असते, गरोदरपणात गडद होणारी ती काळी रेघ. झाले चार भाग. बेंबी म्हणजे आईच्या स्वतःच्या नाळेची खूण. लेकराचं पाणी मोजायला आरंभबिंदू तोच, ही जागा मला फार सुंदर वाटते. अमेरिकेतल्या डॉक्टर फेलन आणि सहकाऱ्यांनी १९८७ साली ही रीत मांडली, तेव्हा त्यांच्या मनात असलं काही नसावं.

पुढचं काम हाताचं. पोट गोल, पण प्रोब त्या गोलाईला धरून तिरपा करायचा नाही. जमिनीशी काटकोनात, गवंड्याच्या ओळंब्यासारखा सरळ. दाबायचंही नाही, दाबलं की पाणी बाजूला सरतं आणि आकडा खोटा पडतो. पडद्यावर हाडं पांढरी, मांस करडं आणि पाणी निखळ काळं. प्रत्येक भागातला सगळ्यांत खोल काळा कप्पा शोधायचा, त्यात नाळेचा वेढा किंवा हातपाय नकोत, आणि वरपासून खालपर्यंत उभी रेघ धरायची. ३.१, २.८, ४.०, २.५. बेरीज १२.४, हाच तो ए.एफ.आय. साधारण ५च्या खाली गेलं तर पाणी कमी, २४-२५च्या वर गेलं तर जास्त.

इथं रसिकानं जरा थांबावं. हा आकडा पाण्याचा नाही, खोलीचा आहे. आपल्याकडे विहिरीला किती परस पाणी, असं विचारतात. घागरी कुणी मोजत नाही. तोच हा हिशेब, फक्त दशांश चिन्हामुळं जास्त रुबाबदार. मला तर दुसरी रीत अधिक पटते: चार कप्प्यांची बेरीज सोडून एकच सगळ्यांत खोल कप्पा मोजायचा, २ ते ८ सेंमी असला की ठीक. वैशाखात पूर्णेची धार तुटते, तेव्हा गुरं घेऊन निघालेला माणूसही मोठा डोह कुठं उरलाय तेवढंच पाहतो. दोन्ही रीतींची तुलना करणाऱ्या अभ्यासांत बेरजेच्या रीतीनं 'पाणी कमी'चा शिक्का जास्त जणींवर बसला, कळा आणण्याची औषधंही जास्त दिली गेली. बाळांचं मात्र त्यानं जास्त भलं झालेलं दिसलं नाही.

खारपाणपट्ट्यातल्या माणसाला आणखी एका गोष्टीचं अप्रूप वाटेल. सुरुवातीला हे पाणी आईच्या रक्तातल्या द्रवाइतकंच खारट असतं. नंतर त्यात मुख्य भर पडते बाळाच्या पातळ लघवीची आणि ते अळणी होत जातं. बाळ तेच पितं, पुन्हा तेच सोडतं. चौतिसाव्या आठवड्याच्या सुमारास ते पाऊण लिटरच्या पुढं असतं. आई नीट पाणी प्यायली की काही तासांत हा आकडा वाढतो, असं दिसून आलंय. अकोल्याच्या मे महिन्यात ही गोष्ट लक्षात ठेवावी. अर्थात पाणी गळत असेल किंवा वारेचं काम मंदावलं असेल, तर तांब्याभर पाण्यानं भागत नाही, डॉक्टरच गाठावा लागतो.

भाचीच्या चौथ्या भागात पाऊल आडवं आलं होतं. डॉक्टरबाई प्रोब तसाच धरून थांबल्या. घाई केली असती तर त्या बोटांसकट माप पडलं असतं. मिनिटभरानं पाऊल मागं सरलं, काळा कप्पा उघडला, त्यांनी पडदा गोठवला. २.५.

बाहेर मावशीनं विचारलं, 'काऊन एवढा येळ?'

'पोरगं पाय काढत नव्हतं,' डॉक्टरबाई म्हणाल्या.