‘ॲ’ हे अक्षर आणि लिपीचे परावलंबन

बलाढ्य तंत्रकंपन्यांवरील समाजाच्या अवलंबित्वाची चर्चा बहुधा व्यापार आणि खासगीपणा या दोनच अंगांनी होते. लिपीचा प्रश्न तीत क्वचितच येतो. वस्तुतः हे परावलंबन किती खोल गेले आहे याचा पुरावा मराठीच्या एका अक्षरात सापडतो.

संगणकावरील अक्षरांचे जागतिक संकेतांक ठरविणारी युनिकोड ही संस्था १९९१ साली कॅलिफोर्नियात नोंदली गेली. ॲपल, गूगल, मायक्रोसॉफ्ट, मेटा यांसारख्या कंपन्या तिच्या पूर्ण मताधिकार असलेल्या सभासद आहेत. तिच्या देवनागरी तक्त्यात मराठीच्या ‘ॲ’ला स्वतंत्र संकेतांक मिळाला तो २००८ साली. तोपर्यंत ‘अ’ला अर्धचंद्राची खूण जोडून काम भागविले जात असे, आणि ती सवय अद्याप सुटलेली नाही. कागदावर दोन्ही रूपे एकच दिसतात. यंत्राच्या लेखी मात्र ती भिन्न होत, आणि युनिकोडचे नियमही त्यांना समतुल्य मानीत नाहीत. परिणामी ‘ॲसिड’ या शब्दाचे प्रयोग शोधणाऱ्या कोशकाराच्या हाती, शोधयंत्रात वेगळी तजवीज नसेल तर, काही प्रयोग लागतात आणि काही निसटतात. शब्दांच्या वारंवारतेवर रचलेले निष्कर्ष मग कितपत विश्वसनीय मानावेत? ‘आचार्यास’ आणि ‘आचाऱ्यास’ यांतील भेद दाखविणारा अर्धा ‘र’ही दोन प्रकारे टंकित होत असल्याने त्याचीही हीच कथा.

हा दोष केवळ परकीय कंपन्यांच्या माथी मारणे मात्र सोपे, आणि म्हणूनच संशयास्पद आहे. युनिकोडचा देवनागरी तक्ता १९८८ च्या ‘इस्की’ या भारतीय प्रमाणावर आधारलेला होता. त्या प्रमाणातच हिंदी वळणाचा ‘ऍ’ होता, मराठीचा ‘ॲ’ नव्हता. उणीव घरचीच, ती दुरुस्त करण्याचा अधिकार तेवढा दूर गेला. महाराष्ट्र शासनाने नोव्हेंबर २००९ मध्ये निर्णय काढून ‘ल’ व ‘श’ यांची मराठी वळणे निश्चित केली. तथापि फोनच्या पडद्यावर कोणता ‘ल’ उमटावा हे बव्हंशी त्यातील टंक पुरविणारी कंपनीच ठरविते.

निर्णयसागरच्या काळीही लिपी खिळे ओतणाऱ्यांच्या अधीन होती, असा आक्षेप येथे घेतला जाईल. परंतु जावजी दादाजींचा कारखाना मुंबईतच होता, आणि त्यांचे खिळे न रुचल्यास मुद्रकाला दुसरीकडे जाता येत असे. आजचा लेखक कोणाकडे जाणार? मराठी विभागांनी ऱ्हस्वदीर्घाच्या वादांत जेवढी शाई वेचली, तिचा अल्पांशही या प्रश्नाच्या वाट्यास आलेला नाही. संगणकस्थ संहितांतील दुहेरी ‘ॲ’ एकरूप करणे, हे तरी कोणत्याही कंपनीच्या संमतीवाचून त्यांना हाती घेता येण्याजोगे काम आहे.