'पार्टी मॉन्स्टर' : खुनी आणि त्याची झळाळी

न्यूयॉर्कच्या क्लब-पार्ट्यांचा आयोजक मायकेल अलिग (१९६६–२०२०) याच्यावर फेंटन बेली व रँडी बार्बाटो यांनी १९९८ मध्ये माहितीपट केला आणि २००३ मध्ये त्याच नावाचा कथापट. कथापटाला आधार आहे तो अलिगचा मित्र जेम्स सेंट जेम्स याच्या आठवणींचा, आणि दोषाचे मूळ तेथेच आहे. जुन्या चर्चच्या वास्तूतील 'लाइमलाइट' क्लब, ती वेशभूषा, तो उन्माद यांत दिग्दर्शक रमतात. बालनट म्हणून परिचित असलेला मॅकॉले कल्किन अलिगच्या भूमिकेत आल्याने खुन्याला निष्पापपण तर आयतेच लाभते! १९९६ मध्ये अलिग व त्याच्या साथीदाराने ज्याला ठार केले, तो एंजल मेलेंडेझ मात्र पाठीवरच्या पंखांपलीकडे उभा राहत नाही. बेपत्ता एंजलला त्याचा भाऊ शोधत होता, तेव्हा क्लबमंडळींत खुनाची कुजबुज चवीने चालली होती. चित्रपटाचा सूर त्या कुजबुजीचा आहे.