दहशतीचें निदान

३० एप्रिल १९०८ रोजीं मुझफरपूर येथें खुदीराम बोस व प्रफुल्ल चाकी यांनीं न्यायाधीश किंग्जफर्ड यांच्यासाठीं टाकलेल्या बाँबनें केनेडी कुटुंबांतील दोन निरपराध स्त्रियांचा बळी घेतला. त्यावर लोकमान्य टिळकांच्या 'केसरी'त 'देशाचें दुर्दैव' व 'हे उपाय टिकाऊ नाहींत' हे लेख आले. सरकारला ते राजद्रोही वाटले. टिळकांस सहा वर्षांची शिक्षा झाली.

निबंध म्हणून वाचणारास मात्र तें एक निदान आहे असें दिसेल. लोकमत धुडकावून १९०५ सालीं बंगालची फाळणी झाली, अर्जविनंत्या व्यर्थ गेल्या. सनदशीर वाट बंद झाली कीं कांहीं तरुण आततायी बनतात, हा त्यांतील मुख्य विचार. रोगाचें कारण सांगणारा वैद्य रोग पसरवितो, असें कोण म्हणेल? सरकारनें ८ जूनला स्फोटक द्रव्यें व वृत्तपत्रें यांवर एकाच दिवशीं कायदे केले. औषध राहिलें आणि वैद्य मात्र तुरुंगांत गेला!

तथापि कारण कळल्यानें कृत्याचा भार उतरत नाहीं. झाल्या प्रकाराबद्दल टिळकांनीं खेद दर्शविला. पण त्यांचा सारा रोख राज्यकर्त्यांकडे आहे. शस्त्र उचलणाराच्या अंतःकरणांत काय मरतें, हें त्यांत येत नाहीं. तें पाहावयाचें तर रवींद्रनाथांची 'चार अध्याय' (१९३४) ही कादंबरी वाचावी. तिचा नायक अतीन देशकार्यांत आपला स्वभावच गमावून बसतो. साम्राज्य दहशत कशी पेरतें हें टिळक सांगतात. तें पीक कापणाराची काय गत होते, हें रवींद्रनाथ. एकावांचून दुसरें अपुरें होय.