टाळ्या कोणासाठी वाजल्या?

आमचे थोरले मामा देवासचे. 'किस्मत'चा विषय निघाला की ते हातातला अडकित्ता खाली ठेवीत. १९४३ साली आलेला हा बोलपट त्यांनी शाळकरी वयात पाहिला होता. कथानक त्यांना धड आठवत नसे. आठवे ते सिनेमातल्या नाटकगृहात म्हटलेले एक समूहगीत, आणि ते संपल्यावर उठलेला टाळ्यांचा गदारोळ.

ते गीत कवी प्रदीप यांचे. प्रदीपजी बडनगरचे, म्हणजे आपल्या माळव्याचेच. त्यामुळे मामांचा स्वर आणखी चढे. 'छोडो भारत' चळवळ दडपण्याच्या त्या दिवसांत परक्यांना निघून जा असे बजावणारे गाणे सेन्सॉरने सोडले कसे? कवीने त्यात जर्मन आणि जपानी यांची नावे घातली होती. सरकारी कागदावर तो चोख युद्धप्रचार ठरला. प्रेक्षकांनी मात्र ती नावे बाजूला सारून इंग्रज ऐकला. गंमत अशी, की चित्र काढणारी बॉम्बे टॉकीज जर्मन हातांनी वाढलेली. 'अछूत कन्या'चे दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन म्युनिकचे, नाझी पक्षाचे सभासदही. १९३९ मध्ये युद्ध पेटताच त्यांना नजरकैदेत टाकण्यात आले.

इथवर ऐकायला गोड वाटते. पण मामा पुढे हमखास म्हणत, "काही म्हण भाच्या, जर्मनाने इंग्रजांची खोड मोडली!" धार-देवासच्या कित्येक मराठी घरांत हे वाक्य मी ऐकले आहे, आणि खरे सांगायचे तर इतिहासात एम. ए. होऊनही मला ते फारसे खुपले नव्हते.

खुपले ते 'यूड झ्यूस' पाहिल्यावर. फाइट हार्लान दिग्दर्शित हे १९४० चे जर्मन चित्र मी एका रात्री संगणकावर, इंग्रजी अक्षरे वाचत पाहिले. ते भडक असेल, हसू येईल, अशी माझी समजूत होती. तसे काही नाही. पोशाख, संगीत, अभिनय सारे उत्तम. अठराव्या शतकातल्या व्युर्टेम्बर्गच्या ड्यूकला पैसा पुरवणारा ज्यू सावकार हा खलनायक. त्याचा दाढीवाला चेहरा पडद्यावर विरघळतो आणि त्याच जागी गुळगुळीत दाढी केलेला दरबारी उभा राहतो. दोन क्षणांचे दृश्य, पण प्रेक्षकाच्या मनात नेमके ठसते : तुमच्या शेजारचा सभ्य माणूसही आतून तोच आहे. पुढे एका मुलीवर बलात्कार, तिची आत्महत्या, सावकाराला फाशी, आणि नगरातून ज्यूंची हकालपट्टी. खऱ्या ओपनहायमरला १७३८ मध्ये फाशी झाली होती. इतिहासाचा तेवढा आधार पुरला. हिमलरने आपल्या एस. एस. आणि पोलिसांना हे चित्र दाखविण्याचा हुकूम काढला. युद्धानंतर हार्लानवर खटला चालला, तो निर्दोष सुटला. त्याच्या कौशल्यामुळे काहींना आजही त्याची कीव येते. मला येत नाही. चित्र वाईट उतरले असते तर कमी घातक झाले असते.

'किस्मत' आणि हे चित्र एका तागडीत घालण्याचा माझा विचार नाही. एक सत्तेच्या डोळ्यांत धूळ फेकणारे, दुसरे सत्तेनेच मागवलेले. तरी एक साम्य मला बेचैन करते. दोन्हीकडे बोलला गेलेला शत्रू एक आणि ऐकला गेलेला दुसरा. जुन्या सावकाराच्या जागी जर्मन प्रेक्षकाने आपला शेजारी बसवला. तसे करायला त्याला वेगळे शिकवावे लागले नाही. आणि आमच्या मामांनी जर्मन हे नाव इतक्या सहज पुसले, की त्या नावाखाली तेव्हा काय चालले होते तेही पुसले गेले.

मामांच्या अखेरच्या वर्षांत एकदा मी त्यांना हे चित्र सविस्तर सांगितले. ते बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "मग त्या टाळ्या आम्ही वाजवायला नको होत्या का रे?"

"त्या वाजवायलाच हव्या होत्या, मामा," मी म्हणालो.

"आणि जर्मनाचं ते?"

मी बोललो नाही. त्या दिवसानंतर 'किस्मत'ची गोष्ट ते गाण्यापाशीच थांबवू लागले.