व्यक्तिचित्र : बसणाऱ्याचे नाव आणि काढणाऱ्याचा हात

मराठी समीक्षेने ‘व्यक्तिचित्र’ ही संज्ञा चित्रकलेकडून उसनी घेतली. मात्र त्या उसनवारीचा हिशेब तिने कधी नीट मांडलेला दिसत नाही. आपल्याकडे या प्रकाराची चर्चा बहुधा जिवंतपणा, हुबेहूबपणा, जिव्हाळा अशा शब्दांभोवती फिरत राहते. लेखकाने माणूस डोळ्यांसमोर उभा केला, एवढे म्हटले की समीक्षकाचे काम संपते. परंतु चित्रकलेतील व्यक्तिचित्र हा नुसता साम्याचा व्यवहार नसतो. तेथे एक माणूस दुसऱ्यासमोर बसतो. कसे बसावे, अंगावर काय ल्यावे, नजर कोठे लावावी याविषयीचा काही एक निर्णय तो स्वतः घेतो किंवा त्याच्या वतीने कोणी घेतो. ही पोझ म्हणजे बसणाऱ्याने स्वतःविषयी केलेले विधान असते. चित्रकार त्याला दुजोरा देतो, ते वाकवतो, क्वचित खोडूनही काढतो. शब्दांतल्या व्यक्तिचित्रात मात्र बसणारा बहुधा बसलेलाच नसतो. आपले चित्र निघते आहे हे त्याला ठाऊक असतेच असे नाही. मग अशा चित्रात जे ‘स्व’त्व उमटते ते कोणाचे, हा प्रश्न उरतो.

या प्रश्नाकडे जाण्याची एक साधी वाट म्हणजे शीर्षके. व्यंकटेश माडगूळकरांच्या ‘माणदेशी माणसं’ (१९४९) या पुस्तकाची अनुक्रमणिका पाहावी: ‘धर्मा रामोशी’, ‘शिदा चांभार’, ‘गणा महार’, ‘शिवा माळी’, ‘मुलाण्याचा बकस’. नाव आणि त्याला जोडून जात. ‘नामा मास्तर’ आणि ‘रघू कारकून’ यांच्या वाट्याला नोकरी येते. ‘बन्याबापू’च्या नावाला आदराचा, नात्याचा प्रत्यय पुरतो. यात लेखकाचा काही कुटिल हेतू होता असे सुचवायचे नाही. गाव माणसाला ज्या नावाने हाक मारतो तेच नाव माडगूळकरांनी घेतले, आणि त्यांच्या वास्तवनिष्ठेला ते धरूनच होते. पण चित्राखालची पट्टी चित्र पाहण्याआधी वाचली जाते, हेही तितकेच खरे. माडगूळकर स्वतः रेखाटने करीत. त्यांची नजर चित्रकाराची होती. म्हणूनच त्यांच्या उत्तम लेखांत पट्टी आणि चेहरा यांचे भांडण लागते. धर्माने मागून नेलेले धोतर अखेर त्याच्या मुलीच्या अंगावर लुगडे म्हणून येते, तेव्हा शीर्षकातला ‘रामोशी’ गळून पडतो आणि एक बाप उरतो. मराठी व्यक्तिचित्राच्या इतिहासातील हा मोठा क्षण आहे. तरी धर्माला आपल्या चित्राविषयी काही म्हणायचे होते काय, हे त्या चित्राच्या रचनेतच बसत नाही.

पु. ल. देशपांडे यांच्या ‘व्यक्ती आणि वल्ली’ला (या पुस्तकाला १९६५ साली साहित्य अकादमीचे पारितोषिक मिळाले) हा प्रश्न वेगळ्या प्रकारे लागू पडतो. त्यातील ‘वल्ली’ हा शब्द आपण लाडाने घेतो, परंतु त्यात एक विभागणी दडलेली आहे. सतराव्या शतकातील डच चित्रकार ‘ट्रोनी’ नावाचा प्रकार रंगवीत. समोर जिवंत माणूस असे, पण चित्र त्या माणसाचे नसे; ते एका मुद्रेचे, एका वयाचे, एका पेहरावाचे असे. व्हर्मीरची मोत्याचे कर्णभूषण घातलेली मुलगी ही अशीच निनावी. ‘वल्ली’ म्हणजे मराठी ट्रोनी, असे म्हणायला हरकत नाही. ‘परोपकारी गंपू’ या शीर्षकात माणसाआधी विशेषण येते ते याचमुळे. मात्र पु. लं.नी या प्रकाराच्या मर्यादेवर एक तोडही काढली, ती म्हणजे बोलणे. अंतू बर्वा बोलू लागतो आणि निवेदकाच्या हातून चित्राचा ताबा काही काळ निसटतो. त्याची तिरकस वाणी हीच त्याची पोझ, त्याने स्वतःविषयी केलेले विधान. आता त्याच पुस्तकातील नावे शेजारीशेजारी ठेवावीत: सखाराम गटणे, लखू रिसबूड, नंदा प्रधान, अंतू बर्वा, आणि नामू परीट. इतरांना जेथे आडनाव आहे तेथे नामूला परीट आहे. चित्रकाराच्या ममतेविषयी शंका न घेताही ही नोंद करावी लागते. किंबहुना ममता निःसंशय आहे म्हणूनच ती करायची. ममतेने हा प्रश्न सुटत नाही, हेच त्यातून दिसते.

काढणाऱ्याची ममता, त्याची कला आणि बसणाऱ्याचे स्थान या तिहींचा गुंता चित्रकलेच्या इतिहासात एका ठिकाणी विलक्षण स्पष्ट दिसतो. व्हेलास्केस १६५० साली रोममध्ये असताना त्याने हुआन दे पारेहा याचे व्यक्तिचित्र रंगवले. पारेहा त्याच्या चित्रशाळेत मदतनीस होता आणि कायद्याने त्याचा गुलाम होता. हे चित्र आज न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात आहे. छातीशी आडवा घेतलेला हात, रुंद लेसची कॉलर, आणि पाहणाऱ्याला मोजून घेणारी सरळ नजर. दरबारी पुरुषाला द्यावी तीच बैठक येथे गुलामाला दिलेली आहे. त्याच वर्षी, त्याच शहरात व्हेलास्केसने पोप दहावा इनोसंट याचे प्रसिद्ध चित्र रंगवले, आणि पारेहाचे चित्र हा त्याआधी हात बसवण्याचा सराव होता, असे चरित्रकार पालोमिनो सांगतो. त्यानेच दिलेली आणखी एक हकीकत अशी की, चित्र पुरे झाल्यावर ते मित्रांना दाखवण्यासाठी व्हेलास्केसने खुद्द पारेहालाच पाठवले. आणि चित्राशी बोलावे की माणसाशी, असा त्यांना संभ्रम पडला. ही गोष्ट चित्रकाराच्या कौशल्याची स्तुती म्हणून सांगितली जाते. ती पारेहाच्या बाजूने ऐकून पाहावी. स्वतःची प्रतिमा घेऊन तो दारोदार उभा आहे, आणि त्याचे प्रत्यक्ष शरीर त्या प्रतिमेच्या अचूकपणाचा दाखला म्हणून वापरले जात आहे. हुबेहूबपणाचे कौतुक करणाऱ्या समीक्षेने या प्रसंगापाशी थोडे थांबायला हवे.

पुढची हकीकत अशी. पारेहाने गुपचूप चित्रकला शिकून घेतली आणि त्याचे काम पाहून राजा चौथा फिलिप याने त्याला मुक्त करवले, अशी आख्यायिका पालोमिनोनेच रूढ केली. प्रत्यक्षात मुक्ततेचा दस्तऐवज नोव्हेंबर १६५० मध्ये रोममध्येच झालेला आहे, आणि त्यात आणखी चार वर्षे सेवा करण्याची अट आहे. हा कागद १९८३ साली प्रसिद्ध झाला. राजाच्या औदार्याची कथा तेव्हापासून मागे पडली. आणि मुक्त झाल्यावर पारेहाने काय केले? १६६१ साली त्याने ‘संत मॅथ्यूला पाचारण’ हे मोठे चित्र रंगवले. ते माद्रिदच्या प्रादो संग्रहालयात आहे. चित्राच्या अगदी डाव्या कडेला एक पुरुष उभा आहे. चित्रातल्या प्रसंगात तो सामील नाही, तो आपल्याकडे पाहतो. त्याच्या हातात कागद आहे आणि कागदावर चित्रकाराची सही आहे. पट्टी आता चित्राखाली नाही. ती बसणाऱ्याच्या हातात आली आहे.

इथेच थांबता आले असते तर गोष्ट फार सोपी झाली असती: दुसऱ्याने काढलेले चित्र परके, स्वतः काढलेले खरे. मराठीत १९७८ नंतर दलित आत्मकथनांची चर्चा बऱ्याच अंशी याच सूत्राने झाली. पण पारेहाच्या स्वचित्राकडे नीट पाहिले तर ते सूत्र टिकत नाही. व्हेलास्केसने रंगवलेल्या पारेहापेक्षा पारेहाने रंगवलेला पारेहा वर्णाने उजळ आहे, त्याची चेहरेपट्टी अधिक युरोपीय वळणाची आहे, हे अभ्यासकांनी नोंदवले आहे. त्याला कोणी खोटेपणा म्हणेल, कोणी शरणागती. मला हे दोन्ही शब्द उथळ वाटतात. त्याने पोझ घेतली, एवढेच निश्चित म्हणता येते. आणि पोझ घेण्याचा हक्क हाच तर त्याला नव्याने मिळालेला हक्क होता. स्वचित्र काढणाराही कोणासमोर तरी बसतोच, आणि बसताना त्याला पाहणाऱ्यांचे डोळे आठवत असतात.

दया पवारांच्या ‘बलुतं’ची (१९७८) रचना या ठिकाणी पुन्हा वाचावी असे वाटते. मुखपृष्ठावर नाव दया पवारांचे. आत गोष्ट सांगतो दगडू मारुती पवार, आणि दया पवार ती ऐकतो. दोघे एकच आहेत हे कायद्याला मान्य आहे, संहितेला नाही. फिलिप लजन या फ्रेंच समीक्षकाने १९७५ साली आत्मचरित्राची व्याख्या एका कराराच्या रूपात मांडली: लेखक, निवेदक आणि नायक यांचे नाव एकच आहे, अशी हमी वाचकाला मिळते, आणि त्या हमीवर तो वाचतो. ‘बलुतं’ हा करार पाळून मोडते. दगडू हे नाव जन्माने आणि वस्तीने दिलेले, त्याचा अर्थ उघडच दगड. दया हे नाव शिक्षणाने, लेखनाने, शहराने घडवलेले. एक बसला आहे, दुसरा त्याला पाहतो आहे, आणि कुंचला कोणाच्या हातात आहे हे पानागणिक बदलत राहते. प्रस्तावनावजा क्लृप्ती म्हणून ही योजना बाजूला सारणाऱ्यांनी तिचे मर्म ओळखलेले नाही. दगडूविषयी दयाला लाज वाटते, ओढ वाटते, कधी संशयही वाटतो. हे अंतर बुजवले असते तर पुस्तक अधिक एकसंध झाले असते आणि बरेच कमी खरे.

शीर्षकाचेही तसेच. माडगूळकरांच्या शीर्षकात जात नावाला मागून चिकटते. पवारांनी ती व्यवस्थाच शीर्षकस्थानी ठेवली आणि आपले नाव लेखकाच्या जागी. पारेहाच्या हातातल्या कागदाचे मला येथे स्मरण होते. फरक असा की पारेहाने गुलामीची खूण चित्रात येऊ दिली नाही, पवारांनी तीच प्रथम दाखवली. तीनशे वर्षांच्या अंतराने, दोन अगदी वेगळ्या समाजांत, एकाच पेचाला दिलेली ही दोन उत्तरे आहेत. पवारांचे अधिक धीट आहे असा माझा कल. परंतु पारेहाच्या मागे वाचकवर्ग नव्हता, चळवळ नव्हती, हेही विसरता येत नाही.

एक अडचण मात्र या सगळ्या विवेचनाने सुटत नाही. बेबी कांबळे यांनी आपल्या आत्मकथनाला ‘जिणं आमुचं’ (१९८६) असे नाव दिले. त्यात ‘मी’पेक्षा ‘आम्ही’ मोठा आहे. आजीपासून शेजारणींपर्यंत पुष्कळ बायका एकाच चौकटीत उभ्या आहेत, आणि सांगणारी त्यांच्या मधोमध नाही, त्यांच्यातली एक आहे. व्यक्तिचित्र म्हणावे तर व्यक्ती एकटी सापडत नाही. समूहचित्र म्हणावे तर डच चित्रकारांनी रंगवलेल्या संघांच्या सभासदांसारखी यांतली कोणी आपल्या जागेचे पैसे भरून चौकटीत आलेली नाही. चित्रकलेकडून घेतलेली आपली संज्ञा येथे अपुरी पडते, आणि या पुस्तकासाठी दुसरी संज्ञा मराठी समीक्षेने अद्याप घडवलेली नाही.